कपाळामागचा मेंदू आणि वागण्याचा तोल

पुणे–बंगळुरू महामार्ग शिरवळपाशी सातारा जिल्ह्यात शिरतो, खंबाटकी ओलांडून साताऱ्याला येतो आणि उंब्रज, कराड मागे टाकत कासेगाव, पेठनाक्यावरून सांगली जिल्हा पार करतो. या रस्त्यावर आणि त्याला मिळणाऱ्या गावोगावच्या रस्त्यांवर मोटारसायकलवरून पडून डोक्याला मार लागलेली माणसं साताऱ्या-कराड-मिरजेच्या दवाखान्यांत नेहमीच येतात. त्यांतली बरीच वाचतात. टाके निघतात, हाड जुळतं, चालणं-बोलणं पूर्ववत होतं. आणि मग काही महिन्यांनी घरातलं कुणीतरी हळूच सांगतं, "जीव वाचला हो, पण आमचा माणूस पहिल्यासारखा राहिला नाही." शांत माणूस एकदम अंगावर येतो. पै-पैचा हिशेब ठेवणारा भलत्याच गोष्टींवर पैसे उधळतो. चारचौघांत बोलू नये ते बोलून जातो. किंवा याच्या अगदी उलट, नुसता बसून राहतो. आंघोळीला ऊठ म्हटल्याशिवाय उठत नाही. नावं आठवतात, बोलणं स्पष्ट आहे, हातापायांत ताकद आहे. मग बिघडलं काय?

बिघडलेलं असतं ते बहुतेक वेळा कपाळाच्या हाडामागे. मेंदूच्या या सर्वांत पुढच्या भागाला प्रीफ्रंटल कॉर्टेक्स म्हणतात. हालचाल, नजर, ऐकणं यांची केंद्रं मागे आणि बाजूंना असतात. इथे त्यांपैकी काहीच नाही. म्हणून एकोणिसाव्या शतकातले कित्येक डॉक्टर या भागाला जवळजवळ मुका समजत होते. तो दुखावला तरी लकवा होत नाही, वाचा जात नाही. जातं ते वागण्यातलं भान.

अपघातात हाच भाग का सापडतो, याचं कारण कवटीच्या बांधणीत आहे. डोळ्यांच्या खोबण्यांचं छत म्हणजे कपाळामागच्या मेंदूची जमीन, आणि ही जमीन खडबडीत असते. गाडी आदळून डोकं झटक्यात थांबलं की मऊ मेंदू पुढे सरकतो आणि या खडबडीत हाडावर घासतो. मार डोक्याच्या मागच्या बाजूला लागला तरी इजा पुढे होऊ शकते. सुरुवातीच्या सीटी स्कॅनमध्ये ती दिसेलच असं नाही. "रिपोर्ट नॉर्मल आहे" असं ऐकून घरी आलेल्या कुटुंबाला मग वाटतं की हा मुद्दाम असं वागतोय.

या विषयावर लिहिणारे सगळे फिनियस गेजपासून सुरुवात करतात. 13 सप्टेंबर 1848 रोजी अमेरिकेतल्या व्हर्माँट राज्यात रेल्वेमार्गासाठी खडक फोडताना सुरुंगाची दारू ठासायची लोखंडी पहार या तरुण मुकादमाच्या गालाखालून शिरली आणि डोक्यातून बाहेर पडली. तो वाचला. पण जबाबदार, सगळ्यांना हवासा मुकादम गेला आणि शिवराळ, लहरी, एकही बेत तडीस न नेणारा माणूस उरला, असं त्याच्या डॉक्टरांनी नोंदवून ठेवलं. गोष्ट सहसा इथेच संपवतात. मला तिचा पुढचा भाग जास्त मोलाचा वाटतो. गेज नंतर चिली देशात गेला आणि तिथे काही वर्षं घोडागाडी हाकण्याचं काम करत राहिला: ठरलेली वेळ, ठरलेला रस्ता, घोड्यांची रोजची निगा. 1860 साली तो वारला. त्याच्या आयुष्याचा कसून शोध घेणाऱ्या इतिहासकार माल्कम मॅकमिलन यांचं म्हणणं असं की गेज बऱ्यापैकी सावरला होता, आणि त्या कामाच्या बांधीव दिनक्रमाचा त्यात वाटा असावा. डोक्यातला आधार तुटला तेव्हा बाहेरच्या शिस्तीने थोडाफार आधार दिला. या लेखात मला जे सांगायचं आहे, त्याचा पहिला पुरावा हाच: संयम आणि शहाणपण यांचं काम कपाळामागे चालतं, पण ते तिथे एकट्याने चालत नाही.

या भागाचं नेमकं काम काय, याची उत्तरं विसाव्या शतकात तुकड्यातुकड्यांनी मिळत गेली. 1963 साली माँट्रियलमध्ये ब्रेंडा मिल्नर यांनी शस्त्रक्रिया झालेल्या रुग्णांना पत्ते लावायला दिले. रंगाप्रमाणे लावा, आकाराप्रमाणे लावा, असा नियम तोंडाने सांगायचा नाही. रुग्णाने चूक-बरोबर या उत्तरांवरून तो ओळखायचा. जमायला लागलं की नियम गुपचूप बदलायचा. पुढचा भाग काढलेले रुग्ण जुन्याच नियमाला चिकटून राहिले. काही जण तर आपलं चुकतंय हे स्वतःच म्हणायचे आणि पुन्हा तसाच पत्ता ठेवायचे. कळतं पण वळत नाही, हे आपण रोज ज्याला उद्देशून चिडून म्हणतो, त्याचं इतकं उघडं उदाहरण दुसरं नाही.

1971 मध्ये माकडांवरच्या प्रयोगांत दिसलं की खाऊ कुठे लपवला हे दाखवून पडदा टाकला, तर पडदा असेपर्यंतचे काही सेकंद या भागातल्या पेशी पेटलेल्या राहतात. समोर नसलेली गोष्ट मनात धरून ठेवायची, आणि समोर असलेल्या गोष्टीने भुलायचं नाही, ही या भागाच्या वरच्या-बाहेरच्या पट्ट्याची खास कामगिरी. आतल्या बाजूच्या पट्ट्याचा संबंध काम सुरू करण्याच्या उमेदीशी आणि चुकीची जाणीव होण्याशी आहे. तो गेला की माणूस नुसता बसून राहतो. डोळ्यांच्या वरचा, खालच्या बाजूचा पट्टा गोष्टींची किंमत लावतो: हे केलं तर बरं वाटेल का, लोक काय म्हणतील, मागच्या वेळी काय झालं होतं.

या खालच्या पट्ट्याबद्दल 1985 मध्ये एस्लिंगर आणि दमासिओ यांनी एक रुग्ण जगापुढे आणला. मेंदूची गाठ काढताना त्याचा हा भाग गेला होता. बुद्ध्यांक उत्तम, तर्क शाबूत, नीतिनियमांच्या प्रश्नांची तोंडी उत्तरं बिनचूक. तरीही त्याची नोकरी गेली, धंद्यात पैसा बुडाला, संसार मोडला. जेवायला कुठे जायचं एवढं ठरवायलाही त्याला खूप वेळ लागे. विचारांमध्ये भावनांची लुडबुड नको, असं आपण मुलांना शिकवतो. या माणसाच्या विचारांतून भावनेचं वजनच निघून गेलं होतं, आणि त्यामुळे त्याला कोणताच निर्णय धड घेता येईना.

लंडनमध्ये टिम शॅलिस आणि पॉल बर्जेस यांनी 1991 मध्ये केलेली चाचणी तर आपल्याकडच्या प्रत्येक डॉक्टरने आणि वकिलाने वाचावी अशी आहे. डोक्याला मार लागलेले तीन रुग्ण खोलीतल्या नेहमीच्या चाचण्यांत बऱ्यापैकी उत्तीर्ण झाले. मग त्यांना बाजारात पाठवलं: एवढ्या वस्तू आणा, इतक्या वाजता इथे या, अमुक माहिती काढा, आणि हे काही नियम मोडू नका. तिथे त्यांची दाणादाण उडाली. शांत खोलीत समोर बसलेला तज्ज्ञ काय करायचं ते एकेक करून सांगतो, म्हणजे रुग्णाच्या कपाळामागचं काम तोच करत असतो. बाजारात सांगणारं कुणी नसतं. अपघाताच्या नुकसानभरपाईचे दावे चालतात तेव्हा तुटलेल्या पायाची टक्केवारी मांडता येते. बदललेल्या स्वभावाची मांडणं फार अवघड जातं. बंगळुरूच्या निम्हान्स या मानसिक आरोग्य संस्थेने भारतीय माणसांसाठी तपासण्यांचा संच 2004 मध्ये प्रसिद्ध केला, पण त्या घेणारे प्रशिक्षित तज्ज्ञ जिल्ह्याच्या ठिकाणी आजही विरळा आहेत. म्हणून घरच्यांनी सांगितलेली हकीकत हाच बहुतेक वेळा सर्वांत भरवशाचा पुरावा असतो आणि तो लिहून घेतला गेला पाहिजे.

या भागाबद्दलचं अर्धवट ज्ञान किती महागात पडतं, हेही जगाने पाहिलं आहे. 1935 मध्ये पोर्तुगालच्या एगाश मोनिश यांनी मनोरुग्णांच्या या भागाचे धागे तोडण्याची शस्त्रक्रिया सुरू केली आणि 1949 मध्ये त्यासाठी त्यांना नोबेल मिळालं. हजारो माणसांवर ती झाली. 1940च्या दशकात बंगळुरूलाही झाली. आरडाओरडा करणारे रुग्ण शांत झाले, हे खरं. पण त्या शांततेत पुष्कळांचं माणूसपण विझलं. पुढे औषधं आली आणि ही शस्त्रक्रिया मागे पडली. कपाळामागे एक मालक बसलेला आहे, त्याला दुरुस्त केलं की माणूस दुरुस्त होतो, ही कल्पना तेव्हाही चुकीची होती आणि आजही आहे. हा भाग मेंदूच्या आतल्या जुन्या केंद्रांशी सतत देवाणघेवाण करत असतो. ॲमी आर्नस्टेन यांच्या संशोधनानुसार तीव्र ताणाच्या वेळी मेंदूत काही रसायनं इतकी वाढतात की हा भाग ढिला पडतो आणि सूत्रं भीती व सवयीच्या केंद्रांकडे जातात. झोप मोडली तरी त्याचं काम मंदावतं. म्हणजे तोच माणूस, तोच मेंदू, पण परिस्थिती बदलली की संयमाचं बळ बदलतं.

दारूचा प्रश्न इथूनच बघायला हवा.

दारू पोटात गेली की पाय लटपटण्याच्या आधी विवेक लटपटतो, हे सगळ्यांना माहीत आहे. कमी माहीत आहे ते हे की वर्षानुवर्षं पिणाऱ्यांच्या मेंदूच्या चित्रांत आकसलेपणा विशेषकरून पुढच्या भागात दिसतो. त्यात जीवनसत्त्व ब1ची कमतरता भर घालते. जो भाग 'नको' म्हणायचा, त्याच भागावर दारू घाव घालते. म्हणून बायकोने शपथ घातली, पंढरीच्या विठ्ठलाची माळ घातली, सकाळी रडून कबुली दिली, हे सगळं मनापासून असतं आणि तरी संध्याकाळी गुत्त्याकडे पाय वळतात. त्या कबुलीला खोटं म्हणणं अन्यायाचं आहे. आशेची बाजूही आहे: दारू सुटली की आकसलेला भाग थोडाफार भरून यायला काही आठवड्यांतच सुरुवात होते. पहिले आठवडे माणसाला दारूपासून लांब, देखरेखीखाली ठेवण्याला मेंदूच्या बाजूनेही अर्थ आहे तो असा.

साताऱ्यात व्यसनमुक्तीचं हे काम 1991 पासून परिवर्तन ही संस्था करत आली आहे. तिचे संस्थापक डॉ. नरेंद्र दाभोलकर साताऱ्याचेच. मिरजेच्या वैद्यकीय महाविद्यालयातून डॉक्टर झालेले, कबड्डीचं मैदान गाजवलेले. अंधश्रद्धा निर्मूलनासाठी ते महाराष्ट्राला ठाऊक आहेत, व्यसनमुक्तीच्या कामाबद्दल त्यांची आठवण कमी काढली जाते, आणि ही मला मोठी उणीव वाटते. पुण्यात अनिल आणि सुनंदा अवचट यांनी 1986 मध्ये मुक्तांगण सुरू केलं; परिवर्तन हे त्याच प्रवाहातलं, पण जिल्ह्याच्या गावातलं केंद्र. डॉ. नरेंद्र दाभोलकरांचे चिरंजीव, मनोविकारतज्ज्ञ डॉ. हमीद दाभोलकर यांनी ते काम पुढे चालू ठेवलं आहे.

अशा केंद्रांची आणि अल्कोहोलिक्स ॲनॉनिमसच्या गटांची पद्धत बारकाईने पाहिली तर तिच्यात एक सूत्र दिसतं: ज्याची इच्छाशक्ती आधीच जखमी आहे, त्याच्या इच्छाशक्तीवर भार टाकायचा नाही. आयुष्यभर सोड, असं म्हणायचं नाही. फक्त आजचा दिवस. रस्ता बदल. जुनी संगत टाळ. पगार घरी दे. डायसल्फिरामची गोळी सकाळी, डोकं ठिकाणावर असताना, घरच्या माणसासमोर घ्यायची. ती घेतल्यावर दारू प्यायली तर त्रास होतो, त्यामुळे सकाळचा निर्णय संध्याकाळला बांधून ठेवतो. ही गोळी डॉक्टरांच्या सल्ल्यानेच आणि रुग्णाला सांगूनच द्यायची असते. चहात गुपचूप घालणं जिवावर बेतू शकतं.

चेन्नईत फ्रँक शिलबाख यांनी 229 सायकलरिक्षावाल्यांवर केलेला प्रयोग 2019 मध्ये प्रसिद्ध झाला. दिवसा न पिता आलात तर पैसे, असं ठेवल्यावर दिवसाचं पिणं कमी झालं आणि बचत सुमारे निम्म्याने वाढली. पण मला त्यातलं दुसरंच निरीक्षण हलवून गेलं. त्यांच्यातल्या पुष्कळांनी बिनशर्त मिळणारे पैसे सोडून, शुद्धीत आलात तरच मिळतील असे पैसे स्वतः मागून घेतले. त्यांना स्वतःला बांधून घ्यायचं होतं. गरीब दारुड्याला सुधारायचंच नसतं, हे जे आपण सहज बोलून जातो, त्याला याहून स्पष्ट उत्तर नाही.

व्यसन हा मेंदूचा आजार म्हणावा का, यावर जगभर वाद आहे. आजार म्हणणाऱ्यांमुळे व्यसनी माणसाला कैद्याऐवजी रुग्णाचा दर्जा मिळाला, हे त्यांचं श्रेय. विरोधक विचारतात, आजार असेल तर इतके लोक आपण होऊन कसे सुटतात? ते व्हिएतनाम युद्धाचा दाखला देतात. तिथे हेरॉइनच्या आहारी गेलेल्या अमेरिकन सैनिकांचा ली रॉबिन्स यांनी 1970च्या दशकात पाठपुरावा केला, तेव्हा घरी परतल्यावर पुन्हा व्यसनात अडकलेले थोडेच निघाले. घरोघरी फौजेत गेलेली माणसं असलेल्या आपशिंगे मिलिटरीसारख्या गावांच्या साताऱ्याला हे समजायला जड जाऊ नये: माणूस तोच, पण भोवतालचं सगळं बदललं होतं. माझं मत असं की दोन्ही बाजू एकाच गोष्टीची दोन टोकं धरून आहेत. मेंदूत बदल होतो हे खरं, आणि तो बदललेला मेंदू भोवतालानुसार वागतो हेही खरं. म्हणूनच गावातल्या महिलांनी गुप्त मतदान करून दुकान बंद पाडायची तरतूद, ज्याला सगळा महाराष्ट्र आडवी बाटली म्हणून ओळखतो, ती मला फार शहाणपणाची वाटते. संध्याकाळच्या वाटेवर दुकानच नसेल तर त्या वाटेवर हरण्याचे प्रसंग घटतात. दुकान बंद होऊन चोरटी विक्री सुरू झाली, तर मात्र हा फायदा उरत नाही. मतदानानंतरची अंमलबजावणी हीच खरी परीक्षा.

आता कृष्णाकाठच्या उसाकडे येऊ. कराड, वाळवा, पलूस या पट्ट्यात घराचं सगळं गणित उसाच्या बिलावर चालतं. आडसाली ऊस दीड वर्षाच्या आसपास रानात उभा असतो. तोड मिळायची वाट, मग वजनाची, मग बिलाची. तोवर सोसायटीचं कर्ज, दुकानाची उधारी, पोरांची फी. कायद्याने ऊस कारखान्याला पोचल्यापासून 14 दिवसांत पैसे द्यायचे असतात. थकलेल्या बिलांसाठी या भागात किती आंदोलनं झाली ते सांगायला नको. याचा कपाळामागच्या मेंदूशी काय संबंध?

2013 मध्ये आनंदी मणी, सेंधिल मुल्लैनाथन, एल्डार शाफिर आणि जियायिंग झाओ यांनी तमिळनाडूतल्या 54 गावांतल्या 464 ऊस उत्पादकांचा अभ्यास मांडला. त्याच शेतकऱ्याला तोडीआधीच्या ओढगस्तीत आणि पैसे हातात आल्यावर अशा दोन्ही वेळा कोडी आणि लक्ष एकाग्र करायच्या चाचण्या दिल्या. पैसे आल्यावर तेच शेतकरी अधिक चांगले ठरले. लेखकांचं म्हणणं असं की टंचाई माणसाच्या डोक्यातली जागा अडवून बसते. सावकाराचा हप्ता मनात घोळत असताना बाकीचा विचार करायला बळ कमी उरतं. या निष्कर्षांवर आक्षेपही आले, ते सांगायला हवेत. आकडेमोडीवर टीका झाली. अमेरिकेत पगाराच्या आधी आणि नंतर अशी तुलना केलेल्या एका मोठ्या अभ्यासात बुद्धीच्या चाचण्यांत फरक दिसला नाही. म्हणून गरिबीने बुद्धी कमी होते, असं सरसकट म्हणता येणार नाही, आणि म्हणूही नये. पण पैशाची मोठी ओढाताण आणि अनिश्चितता विचारांवर भार टाकते, एवढं मला पटण्याजोगं वाटतं. कर्जबाजारी शेतकऱ्याला नियोजन येत नाही, असं व्याख्यान देणाऱ्याने आधी त्याचं बिल वेळेवर निघालं का, ते विचारावं.

लहान मुलांच्या संयमाबद्दलही अशीच समजूत बदलली. स्टॅनफर्डमध्ये वॉल्टर मिशेल यांनी मुलांपुढे एक गोड गोळी ठेवून, थांबलास तर दोन देईन, असं सांगितलं. पुढे त्यांनी दाखवलं की जास्त थांबलेली मुलं मोठेपणी जास्त यशस्वी झाली. या प्रयोगाच्या आधारे पालकांना किती उपदेश झाले त्याला सुमार नाही. 2018 मध्ये अधिक मोठ्या आणि विविध घरांतल्या मुलांवर तो पडताळला, तेव्हा घरची परिस्थिती हिशेबात धरल्यावर हा संबंध बराचसा विरला. आणि त्याआधी, 2013 मध्ये, सेलेस्ट किड आणि सहकाऱ्यांना आढळलं की आधी शब्द मोडलेल्या माणसाने वचन दिलं तर मुलं सरासरी तीन मिनिटं थांबतात. शब्द पाळणाऱ्याने दिलं तर बारा. थांबलं तर मिळेल, असा अनुभव गाठीला नसेल तर न थांबणं हाच शहाणपणा ठरतो. मोठ्यांनाही हे लागू आहे.

किशोरवयाबद्दल मात्र पुरावा भक्कम आहे. मेंदूच्या वारंवार काढलेल्या चित्रांवरून 1999 नंतर स्पष्ट झालं की कपाळामागचा भाग सगळ्यांत शेवटी पक्व होतो. हे काम विशीतही चालू असतं. भावना आणि बक्षिसांची ओढ मात्र वयात येतानाच उफाळते. लॉरेन्स स्टाइनबर्ग यांच्या मांडणीत इथे एक महत्त्वाचा भेद आहे. शांतपणे विचार करायला वेळ दिला तर सोळा वर्षांचा मुलगा जवळजवळ मोठ्यांसारखा विचार करतो. मित्र बघताहेत, रक्त तापलंय, क्षणात ठरवायचंय, अशा वेळी तो मागे पडतो. गाडी चालवायच्या खेळांवरचे प्रयोग हेच सांगतात: एकटा असताना सांभाळून चालवणारा मुलगा मित्र शेजारी आले की धोका पत्करतो. मोठ्यांत हा फरक फारसा दिसत नाही.

आपला कायदा या भेदापाशी अडखळतो. 2015 चा बाल न्याय कायदा जानेवारी 2016 पासून लागू झाला. घृणास्पद गुन्हा करणाऱ्या सोळा ते अठरा वयाच्या मुलाची मानसिक व शारीरिक क्षमता आणि परिणाम समजण्याची कुवत तपासून त्याला मोठ्यांप्रमाणे न्यायालयापुढे उभं करायचं का, हे बाल न्याय मंडळाने ठरवायचं असतं. पण कुवत तपासायची ती शांत खोलीत, महिन्यांनंतर. गुन्ह्याच्या रात्रीची कुवत कशी मोजणार? सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये या तपासणीसाठी मार्गदर्शक तत्त्वं हवीत असं म्हटलं. 19 मे 2024 च्या पहाटे पुण्यात कल्याणीनगरला अल्पवयीन मुलाने चालवलेल्या मोटारीच्या धडकेत दोन तरुण अभियंते गेले आणि जामिनासाठी घातलेली तीनशे शब्दांच्या निबंधाची अट ऐकून लोक खवळले. तो संताप रास्त होता. जुलै 2025 मध्ये बाल न्याय मंडळाने त्या मुलावर बालक म्हणूनच खटला चालावा असं ठरवलं. मेंदूच्या चित्रांवरून एका विशिष्ट मुलाचा दोष ठरवता येत नाही, हे शास्त्रज्ञही सांगतात. ती सरासरीची चित्रं आहेत. पण त्यांतून एक धोरण नक्की निघतं: किल्ली देणाऱ्या मोठ्या माणसाच्या कपाळामागचा भाग पूर्ण पिकलेला असतो. मोटार वाहन कायद्याच्या 2019 च्या दुरुस्तीने अल्पवयीनाच्या हाती गाडी देणाऱ्या पालकाला किंवा मालकाला तीन वर्षांपर्यंत कैद आणि 25,000 रुपये दंड ठेवला आहे. इस्लामपूर-तासगावपासून कोरेगाव-फलटणपर्यंत क्लासला मोटारसायकलवर जाणारी नववी-दहावीची मुलं पाहिली की या कलमाची आठवण कुणालाच नाही असं वाटतं.

म्हातारपणाकडे जाताना हाच भाग एका वेगळ्या आजाराने झिजू शकतो. फ्रंटोटेम्पोरल डिमेन्शिया या विस्मृतीच्या आजारात सुरुवातीला विस्मृती नसतेच. पन्नाशी-साठीतला भला माणूस निलाजरा वागू लागतो, दुकानातली वस्तू उचलतो, गोड खात सुटतो, सख्ख्या माणसाच्या मरणावरही निर्विकार राहतो. हैदराबादेत सुवर्णा अल्लादी आणि सहकाऱ्यांनी डिमेन्शियाच्या 648 रुग्णांच्या नोंदी तपासल्या. दोन किंवा अधिक भाषा बोलणाऱ्यांत आजार सरासरी साडेचार वर्षं उशिरा सुरू झाल्याचं दिसलं, आणि हा फरक निरक्षरांतही होता. एक भाषा दाबून दुसरी बोलणं हा कपाळामागच्या भागाचा रोजचा सराव आहे, असं त्याचं स्पष्टीकरण देतात. तरुणांवरच्या अभ्यासांत हा फायदा दर वेळी सापडत नाही, म्हणून सावध राहायला हवं. पण जत तालुक्यात उमदी, संखच्या बाजूला सकाळपासून रात्रीपर्यंत कन्नड आणि मराठीत ये-जा करणारी माणसं आहेत. सांगली-मिरजेच्या वैद्यकीय संस्थांनी तिथल्या वृद्धांचा असा अभ्यास हाती घ्यावा, इतका तो विषय हाताशी आहे.

अपघातानंतर बदललेला तरुण असो, वा आजाराने बदललेले आजोबा, आपल्या भागात त्यांची पहिली भेट अजूनही कित्येकदा देवऋष्याशी होते. बाहेरचं लागलंय, करणी केलीय, असं ठरतं. मारहाण, उपासमार, धुरी यांत महिने जातात आणि उपचाराची वेळ निघून जाते. डॉ. दाभोलकर यांचा 20 ऑगस्ट 2013 रोजी पुण्यात खून झाला. त्यानंतर त्याच वर्षी मंजूर झालेल्या जादूटोणाविरोधी कायद्याने भूत उतरवण्याच्या नावाखाली मारहाण करणं हा गुन्हा ठरवला. कायदा आहे, पण घरच्यांना दुसरं दार माहीत नसेल तर ते जुन्याच दारात जाणार. म्हणून तालुक्याच्या दवाखान्यात स्वभावबदल हे लक्षण म्हणून विचारलं आणि नोंदवलं गेलं पाहिजे.

तेव्हा ज्यांच्या घरात असं माणूस आहे त्यांना एवढंच सांगायचं आहे. डोक्याला मार लागल्यावर घरी आणलेल्या माणसाची झोप, राग, पैशांचा व्यवहार, बोलण्यातला संकोच आणि आपण होऊन कामाला लागण्याची उमेद, यांत आधीपेक्षा काय बदललं ते तारखेसह वहीत लिहून ठेवा आणि पुढच्या तपासणीला ती वही डॉक्टरांपुढे ठेवा, त्यांनी विचारलं नाही तरी. त्याचा दिवस ठरावीक वेळांत बसवा, एका वेळी एकच काम सांगा, मोठे व्यवहार काही महिने त्याच्या एकट्याच्या सहीवर होऊ देऊ नका. गाडी आणि दारू बंद ठेवा. मागे बसणाऱ्यानेही हेल्मेट घाला. मोटार वाहन कायद्याच्या 129 व्या कलमाने ते दोघांनाही सक्तीचं आहे. आणि जवळ मनोविकारतज्ज्ञ नसेल तर केंद्र सरकारची टेली-मानस सेवा 14416 या क्रमांकावर चोवीस तास, विनाशुल्क आणि मराठीतही उपलब्ध आहे.